पासपोर्ट आणि घरचे दप्तर

(न्यासाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त बेळगाव येथे झालेल्या कार्यक्रमात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



सुवर्णमहोत्सवासारख्या प्रसंगी वक्त्याने काही उदात्त विषय घ्यावा, संस्थेच्या संस्थापकांचे स्मरण करावे, पुढील पन्नास वर्षांची स्वप्ने रंगवावीत, असा प्रघात आहे. माझ्या वाट्याला मात्र चिटणीसांनी अगदी रूक्ष विषय दिला आहे: पासपोर्टचा अर्ज करण्यापूर्वी कागद कोणते जमवावेत आणि कसे जमवावेत. मी प्रथम नाहीच म्हणणार होतो. मग त्यांनी कारण सांगितले. न्यासाकडे मुलांच्या फीसाठी मदत मागायला जे पालक येतात, त्यांतले पुष्कळजण जाता जाता हळूच हाच प्रश्न विचारतात. मुलाला आखातात काम मिळते आहे, मुलगी परिचारिका झाली आहे, कुणाच्या आजीला हजला जायचे आहे, कुणाला नातवाचे तोंड पाहायला परदेशी जायचे आहे, आणि कागद कुठेतरी अडला आहे. हीच माणसे पुढे शाळेच्या जनरल रजिस्टरचा उतारा मागायला माझ्यापुढे उभी राहतात. तेव्हा ह्या विषयावर वकिलापेक्षा शाळामास्तर बरा, असे चिटणीसांनी ठरवले असावे. आणि ते अगदीच चूक नाही.

प्रथम एक गोष्ट ध्यानात घ्या. पासपोर्ट मागणे म्हणजे सरकारकडे मेहेरबानी मागणे नव्हे. १९६७ पर्यंत मात्र तसेच होते. पासपोर्ट देणे वा न देणे ही सरकारची मर्जी असे. त्या वर्षी एप्रिलमध्ये सतवंतसिंग साहनी ह्यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की परदेशी जाणे हा माणसाच्या व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे आणि कायद्याचा आधार असल्याखेरीज तो कुणाला नाकारता येणार नाही. मग सरकारची धावपळ झाली आणि जूनमध्ये पासपोर्टचा कायदा मंजूर झाला. तोच कायदा आजही चालू आहे. पुढे १९७८ साली मनेका गांधी ह्यांच्या खटल्यात न्यायालय आणखी पुढे गेले: नुसता कायदा असून भागत नाही, त्याची रीतही न्याय्य हवी, आणि ज्याचा पासपोर्ट काढून घ्यायचा त्याचे म्हणणे ऐकून घेतले पाहिजे.

हजच्या यात्रेकरूंची गोष्ट निराळी होती. त्यांना साध्या पासपोर्टची गरज नसे. केवळ त्या यात्रेपुरता ‘पिलग्रिम पास’ मिळे. आपल्यापैकी काहींच्या घरच्या वडीलधाऱ्यांनी मुंबईहून आगबोटीने जाताना तोच खिशात ठेवला होता. आगबोटी १९९५ साली बंद झाल्या. २००९ पासून सौदी सरकारने हजसाठीही पूर्ण पासपोर्टच हवा असा नियम केला, आणि ज्या म्हाताऱ्या माणसांना जन्मात कधी जन्मतारीख विचारली गेली नव्हती, त्यांना ती कागदावर दाखवायची पाळी आली.

हक्क आहे खरा, पण तो हाती येतो कागदाच्या दाराने. पासपोर्ट पासपोर्टच्या कचेरीत तयार होतो अशी आपली समजूत असते. माझ्या मते तिथे तो फक्त छापला जातो. त्यात काय छापायचे ते फार आधी ठरलेले असते: प्रसूतिगृहाच्या टेबलावर, पहिलीच्या प्रवेशाच्या दिवशी, रेशनकार्डाच्या रांगेत, आधारच्या केंद्रात. त्या त्या दिवशी त्या त्या कारकुनाने जे लिहिले, ते आपण न वाचता घरी आणले आणि ट्रंकेत ठेवले. वीस वर्षांनी ते सगळे कागद प्रथमच एका टेबलावर शेजारी शेजारी येतात, आणि तेव्हा त्यांचे एकमेकांशी पटत नाही.

कागद तसे फार लागत नाहीत. राहण्याचा पुरावा, जन्मतारखेचा पुरावा आणि नावाचा मेळ, एवढाच सारा मामला आहे. राहण्याच्या पुराव्याचे फारसे अवघड नाही. आधार, मतदार-ओळखपत्र, विजेचे किंवा पाण्याचे बिल, गॅसची जोडणी, फोटो असलेले चालू खात्याचे बँकेचे पुस्तक, नोंदणी केलेला भाडेकरार, ह्यांतले काही ना काही घरात असतेच. विजेचे बिल अजून आजोबांच्या नावाने येत असेल तर ते आपल्या उपयोगाचे नाही, एवढे पाहावे. आणि वर्षभरात घर बदलले असेल तर आधीचा पत्ताही अर्जात सांगावा, लपवू नये.

जन्मतारखेपाशी मात्र जरा थांबावे लागेल.

तुमच्यापैकी ज्यांचा वाढदिवस कागदोपत्री पहिल्या जूनला येतो, त्यांनी हात वर करावेत असे मी म्हटले तर निम्मे सभागृह हात वर करील. ह्याचे कारण ग्रहमानात नाही. जूनमध्ये शाळा उघडे, बाप मुलाला हाताला धरून आणी, मास्तर विचारत, “वय काय?” बाप म्हणे, “पावसाळ्यात झाला, मोठ्या पुरानंतरचा.” मास्तर मुलाचा हात डोक्यावरून पलीकडच्या कानाला लावून पाहत आणि १ जून लिहून मोकळे होत. माझ्या आधीच्या गुरुजनांना मी नावे ठेवीत नाही. त्यांनी अशा रीतीने हजारो मुलांना शाळेत घेतले, हे उपकारच आहेत. पण ती तारीख आता त्या माणसाला जन्मभर चिकटली आहे. जन्मनोंदीत कुठे खरी तारीख निघाली, तर एका माणसाचे दोन जन्म होतात.

नियम अलीकडे बदलले आहेत, ते नीट ऐका. पूर्वी २६ जानेवारी १९८९ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या प्रत्येकाला जन्मदाखला दिल्यावाचून गत्यंतर नव्हते. २०१६ च्या डिसेंबरात ही अट सैल झाली आणि शाळा सोडल्याचा दाखला, दहावीचे प्रमाणपत्र, पॅनकार्ड, वाहनपरवाना, सरकारी नोकराच्या सेवापुस्तकाचा उतारा अशा कागदांवरही काम होऊ लागले. २०२५ च्या फेब्रुवारीत पुन्हा नवा नियम आला. जो १ ऑक्टोबर २०२३ ला किंवा त्यानंतर जन्मला, त्याला जन्म-मृत्यू नोंदणीचा जन्मदाखला हाच एक पुरावा. दुसरा चालणार नाही. त्याच्या आधी जन्मलेल्यांना जुनी सवलत आहे. म्हणजे आपले काम शाळेच्या दाखल्यावर भागले, पण आज मांडीवर खेळणाऱ्या नातवाचे भागायचे नाही.

म्हणून तरुण आईबापांना माझे सांगणे आहे, की घरी जाऊन मुलाचा जन्मदाखला उघडून पाहा, त्यात मुलाचे नाव आहे की नाही. हसू नका. इस्पितळातून नोंद जाते त्या दिवशी मुलाचे बारसे झालेले नसते, आमच्याकडे अकीका झालेला नसतो. नोंदीत ‘मुलगा’ किंवा ‘मुलगी’ एवढेच जाते, नावाची जागा कोरी राहते, आणि आपण दाखला म्हणून तोच कागद जपून ठेवतो. १९६९ च्या कायद्याप्रमाणे बारा महिन्यांच्या आत नाव घालायला शुल्क नाही. पुढे विलंबशुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत घालता येते. नोंदच झाली नसेल तर मात्र त्रास वाढत जातो. एकवीस दिवसांत नोंद करणे फुकट. वर्ष उलटून गेले म्हणजे जिल्हा किंवा उपविभागीय दंडाधिकाऱ्यांचा हुकूम आणावा लागतो.

आधारकार्डावर जन्मतारीख छापलेली असते, म्हणून तो जन्माचा पुरावा असा समज घरोघर आहे. तो पुरावा ओळखीचा आहे, जन्मतारखेचा नव्हे. २०२४ च्या ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाने एका अपघाताच्या नुकसानभरपाईच्या दाव्यात, मृताचे वय ठरवताना आधारवरील तारीख बाजूला ठेवून शाळा सोडल्याच्या दाखल्यावरील तारीख ग्राह्य धरली. मास्तरांच्या अक्षराला एवढी किंमत आहे, हे वाचून मला बरे वाटले आणि थोडी भीतीही वाटली.

दहावीच्या प्रमाणपत्राचे दुहेरी महत्त्व आहे. त्याने जन्मतारीख सिद्ध होते, आणि दुसरे म्हणजे १९८३ च्या उत्प्रवास कायद्यान्वये जो दहावी उत्तीर्ण नाही, अशा कामगाराच्या पासपोर्टावर सामान्यतः ‘उत्प्रवास तपासणी आवश्यक’ अशी नोंद होते. मग आखातातील बहुतेक देशांत नोकरीवर जाण्यापूर्वी वेगळी सरकारी परवानगी लागते. ती नोंद कामगाराच्या संरक्षणासाठी आहे, वाईट नाही. पण मुलगा दहावी उत्तीर्ण असूनही प्रमाणपत्र हरवले म्हणून ती नोंद व्हावी, हे बरे नव्हे. हरवलेल्या प्रमाणपत्राची दुय्यम प्रत बोर्डाकडून शाळेमार्फत मिळते. ती मागायला लोक तिकिटाच्या आदल्या आठवड्यात येतात.

आता नावाकडे येतो. आपल्या सीमाभागातला खरा गुंता इथे आहे, आणि तो पुण्याच्या किंवा बेंगळूरच्या माणसाला सांगूनही पटत नाही.

आपल्या एकाच घरात आजोबांचा दाखला मराठीत, आमच्या काही घरांतून उर्दूत, बापाची सातबाराची नोंद कन्नडात, आणि मुलाचे प्रमाणपत्र इंग्रजीत असते. एका लिपीतून दुसरीत जाताना नाव जरा जरा सरकते. माझ्याच जमातीचे ‘शेख’ हे नाव घ्या. एका कागदावर एस-एच-ए-आय-के-एच, दुसऱ्यावर एस-एच-ई-आय-के-एच, तिसऱ्यावर शेवटचा एच गळालेला. ‘चौगुले’ घ्या. कुठे ओ-यू, कुठे ए-यू, आणि गोव्याकडे नातेवाइकांनी ओ-डब्ल्यू केलेले. महंमद ह्या नावाची तर गणतीच नको. कुठे एम-ओ-एच-डी, कुठे नुसते एम-डी. परदेशी वाचणाऱ्याला एम-डी पाहून हा गृहस्थ डॉक्टर आहे असे वाटले तर त्याचा दोष नाही.

त्यात रीतींचा फरक. मराठी रीत अशी की आधी स्वतःचे नाव, मग वडिलांचे, मग आडनाव. शाळेच्या पटावर आडनाव पहिले. कन्नड मुलखातली रीत अशी की आद्याक्षरे लिहायची आणि पुढे नाव. आपली मुले दोन्हींत वाढतात. दहावीच्या प्रमाणपत्रावर आद्याक्षरे, आधारवर पूर्ण नाव, बँकेत आडनाव पुढे. पासपोर्टच्या अर्जात दोन रकाने असतात, एक दिलेल्या नावाचा आणि एक आडनावाचा. आद्याक्षरे तिथे चालत नाहीत, पूर्ण विस्तार लागतो. वडिलांचे नाव आपल्या नावात हवे असेल तर ते पहिल्या रकान्यात स्वतःच्या नावामागे लिहायचे. आडनावाचा रकाना मोकळा ठेवला तरी अर्ज घेतला जातो, आणि आमच्या कित्येक भगिनींच्या पासपोर्टावर नुसते ‘जैनब’ किंवा ‘मुमताज’ असे एकच नाव आहे. पण २०२२ च्या नोव्हेंबरात संयुक्त अरब अमिरातीने नियम काढला, की पासपोर्टावर एकच शब्द असलेल्या प्रवाशाला पर्यटनाच्या किंवा भेटीच्या व्हिसावर येता येणार नाही. दुसऱ्या पानावर वडिलांचे किंवा घराण्याचे नाव असेल तर चालेल, अशी सवलत मागाहून जाहीर झाली. तोवर कित्येकांची धांदल उडाली. तेव्हा नवा अर्ज करणाऱ्याने आडनावाचा रकाना कोरा ठेवू नये.

स्त्रियांच्या नावांचा गुंता सर्वांत मोठा. हिंदू घरांतून लग्नात मुलीचे नाव बदलण्याची चाल आहे. आडनाव तर बदलतेच, पण तांदळांत अंगठीने लिहून पहिले नावही बदलतात. शाळेचा दाखला माहेरच्या नावाचा, आधार सासरच्या नावाचा, आणि दोन्हींमध्ये एकही शब्द समान नाही! मुसलमानांच्या घरांत पहिले नाव बदलत नाही, म्हणून आम्ही सुटलो असे मात्र नव्हे. ‘फातिमा’ ची कुठे फातिमाबी होते, कुठे फातिमा बी असे दोन शब्द होतात, कुठे फातिमा बेगम. निकाहनामा उर्दूत असतो, त्यात तिसरेच काही. शिवाय निकाहनामा आणि विवाहनोंदणीचा सरकारी दाखला ह्या दोन निराळ्या गोष्टी आहेत. चाल मोडा, असे मी म्हणत नाही. ज्याच्या घरचा रिवाज त्याच्यापाशी. परंतु तांदळांतले नाव घरात हाक मारायला ठेवावे आणि सरकारी कागदावर जन्माचेच नाव चालू द्यावे, असे मला स्वतःला वाटते. ज्यांनी कागदावर बदल केला असेल त्यांनी विवाहनोंदणीचा दाखला अगत्याने काढून ठेवावा. २०१६ पासून पासपोर्टला विवाहाचा दाखला सक्तीचा नाही हे खरे. पण माहेरच्या नावापासून सासरच्या नावापर्यंतचा पूल तोच आहे.

आपल्या गावाचे नावही ह्यातून सुटलेले नाही. १ नोव्हेंबर २०१४ पासून सरकारी इंग्रजी लेखनात ते बदलले. त्याआधीच्या दाखल्यांवर जन्मगाव बी-ई-एल-जी-ए-यू-एम, नंतरच्यांवर बी-ई-एल-ए-जी-ए-व्ही-आय. त्यामागच्या वादात मी आज शिरत नाही. एवढेच सांगतो, की गावाचे नाव सरकारनेच बदललेले असल्याने जुन्या दाखल्यावरचे लेखन पाहून कुणी घाबरून तो दाखला बदलायला धावू नये.

मागे शहापूर भागातल्या एका विणकर घरातल्या विधवा बाई आमच्या शाळेत आल्या होत्या. त्यांचा मुलगा आमच्या शाळेत शिकलेला, वातानुकूलन यंत्रांच्या दुरुस्तीचे काम शिकून आखातात गेलेला. तिथे कामावर उंचावरून पडला आणि इस्पितळात बेशुद्ध होता. मालक भला माणूस होता. आईला पाठवा, तिकीट आणि व्हिसा मी पाहतो, असे त्याने कळवले. बाईंपाशी पासपोर्ट नव्हता. चौथीचा दाखला माहेरच्या नावाचा, रेशनकार्ड सासरच्या नावाचे, आधारवर सासरच्याच नावाचे निराळे लेखन आणि जन्माचे नुसते वर्ष. विवाहाची नोंद नाही. नवरा वारलेला, त्याच्या मृत्युदाखल्यात पत्नीचे नाव तिसरे. तातडीच्या सोयीत जादा २००० रुपये भरून अर्ज लवकर निघतो, पण ती सोय ज्याचे कागद जुळतात त्याच्यासाठी आहे. नोटरीकडून ‘दोन्ही नावे एकाच इसमाची’ असे प्रतिज्ञापत्र केले. ते आधाराला चालते, एकट्याच्या बळावर उभे राहत नाही. आम्ही माहेरच्या गावच्या शाळेतून उतारा आणवला, आधार दुरुस्त करून घेतले, पाच आठवडे गेले. सहाव्या आठवड्यात मुलाचे शव विमानाने आले. बाईंनी त्यानंतर पासपोर्ट काढलाच नाही.

ह्यात कचेरीतल्या माणसांनी काही दुष्टपणा केला असे मी म्हणत नाही. समोरचे चार कागद चार नावांचे असतील तर त्यांनी तरी कशावर शिक्का मारावा? पण एक बोलल्यावाचून राहवत नाही. ह्या चार नावांतली तीन सरकारच्याच माणसांनी लिहिली होती. बाईंनी स्वतःच्या हाताने त्यांतले एकही अक्षर लिहिलेले नव्हते. लिहिणारा एक, आणि चूक निस्तरायची जबाबदारी दुसऱ्याची, ही व्यवस्था मला शाळेत कधी पटली नाही, ती इथेही पटत नाही. तरीही व्यवस्था बदलेपर्यंत आपले कागद आपणच वाचले पाहिजेत.

तर करायचे काय? एका रविवारी दुपारी घरातल्या सगळ्यांचे कागद बाहेर काढा आणि माणसागणिक एकेक पिशवी करा. एका कागदावर त्या माणसाचे नाव इंग्रजीत ज्या ज्या तऱ्हेने लिहिलेले सापडेल, ते सगळे एकाखाली एक उतरवा. मग त्यांतले एक लेखन मुक्रर करा. मुक्रर करताना आपल्याला कोणते आवडते ते पाहू नका. जन्मदाखला आणि दहावीचे प्रमाणपत्र ह्यांत जे आहे तेच धरा, कारण ते बदलणे सर्वांत कठीण. जन्मनोंदीतली चूक निबंधकाकडे अर्ज करून पुराव्यानिशी दुरुस्त होते, त्याला १९६९ च्या कायद्यात तरतूद आहे; पण प्रमाणपत्रावरची जन्मतारीख एकदा गेली की मुख्याध्यापकांच्या हाती काही राहत नाही. मुळाची दुरुस्ती आधी, मग आधार, मग पॅन, मग बँक, असा क्रम ठेवा. लोक उलट करतात. सोपे म्हणून आधार आधी बदलतात, आणि मग तो मूळ दाखल्याशी जुळत नाही म्हणून पुन्हा बदलायला जातात.

दहावीला असलेल्या मुलांच्या पालकांना एक निराळी विनंती. परीक्षेच्या आधी शाळेकडून बोर्डाकडे मुलांची नामावली जाते. ती जाण्यापूर्वी मुलाला आणि पालकाला वाचायला देऊन सही घेतली जाते. मी दरवर्षी पाहतो, शंभरांतले नव्वद पालक न वाचता सही करतात. “सर, तुम्ही लिहिलंय म्हणजे बरोबरच असेल,” म्हणतात. हा विश्वास मला नको आहे. ती पाच मिनिटे चश्मा लावून अक्षर न् अक्षर वाचा. आईचे नाव, बापाचे नाव, तारीख, सगळे. त्या दिवशी चूक खोडायला एक रेघ पुरते.

आणखी दोन-तीन गोष्टी सांगायला हव्यात.

सीमाभागातल्या चळवळीत ज्या तरुणांवर खटले झाले, त्यांनी अर्जातल्या त्या प्रश्नाला ‘नाही’ असे उत्तर देऊ नये. फौजदारी खटला न्यायालयात चालू असला तर पासपोर्ट नाकारता येतो, असे कायद्याचे सहावे कलम सांगते. पण १९९३ च्या अधिसूचनेप्रमाणे त्या न्यायालयाची परवानगी आणली तर मुदतीचा पासपोर्ट मिळू शकतो. खरे लिहून परवानगी आणण्याचा मार्ग लांबचा आहे, पण मार्ग आहे. खोटे लिहिले तर बाराव्या कलमाखाली दोन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

तीच गोष्ट बनावट दाखल्यांची. गेल्या काही वर्षांत कागद ह्या शब्दाचीच लोकांना धास्ती बसली आहे, आमच्या समाजात जरा जास्तच. भ्यालेला माणूस दलालाला सापडतो. दलाल म्हणतो, जन्मदाखला दोन दिवसांत आणून देतो. असा दाखला घेऊ नका. खऱ्या माणसाचा खरा पण फाटका दाखला पुरतो. खऱ्या माणसाने खोटा दाखला जोडला की तो आपल्याच हाताने संशयित होतो. दलालाची गरजही उरलेली नाही. २०१६ च्या डिसेंबरपासून अर्जासोबतची बहुतेक निवेदने साध्या कागदावर स्वतःच्या सहीने चालतात; नोटरी आणि मुद्रांक लागतोच असे सांगणारा आपला धंदा सांगत असतो. संगणकावर अर्ज भरताना सरकारी संकेतस्थळच उघडा. त्याच्या नावाच्या शेवटी ‘गव्ह डॉट इन’ असते. हुबेहूब दिसणारी खोटी संकेतस्थळे पुष्कळ आहेत आणि ती दुप्पट पैसे घेतात. छत्तीस पानी पासपोर्टला २०१२ साली १५०० रुपये शुल्क ठरले. दलालाने सांगितलेल्या आकड्यावर न जाता ते त्याच संकेतस्थळावर ताडून पाहा.

फौजेतून निवृत्त झालेली घरे आपल्याकडे बरीच आहेत. मराठा लाइट इन्फंट्रीचे केंद्रच आपल्या गावात. त्या घरांतल्या वडीलधाऱ्यांना मी मुद्दाम सांगतो, की शाळेचा दाखला नसला तरी हताश होऊ नका. तुमच्या निवृत्तिवेतनाच्या हुकुमावर जन्मतारीख असते आणि तो कागद चालतो.

पूर्वी ह्या कामासाठी हुबळी किंवा बेंगळूर गाठावे लागे. २०१७ च्या जानेवारीत म्हैसूरपासून टपाल कचेऱ्यांतून पासपोर्टची सेवा सुरू झाली, आणि आता आपल्या मुख्य टपाल कचेरीतही ती आहे. ठरलेल्या वेळेला मूळ कागद आणि प्रत्येकाची एक नक्कल न्यायची. मोठ्यांनी फोटो नेण्याची गरज नाही, तो तिथेच काढतात. चार वर्षांखालील मुलाचा मात्र पांढऱ्या पार्श्वभूमीचा न्यावा. लहान मुलासाठी आईबाप दोघांची संमती लागते. नंतर पोलीस चौकशीला येतात. त्यांना चहा द्या, पैसे देऊ नका. ह्या चौकशीला शुल्क नाही. शेजाऱ्यांना आधी सांगून ठेवा, नाहीतर पोलीस पाहून शेजारी तुम्हाला ओळखतच नाही म्हणायचे.

पुढच्या रविवारपासून सकाळी दहा ते बारा न्यासाच्या कचेरीत आम्ही दोघे-तिघे शिक्षक आणि टपालखात्यातून निवृत्त झालेले एक गृहस्थ बसणार आहोत. शुल्क काही नाही. येताना झेरॉक्स आणू नका, मूळ कागद आणा. फाटलेले, पुसट, उर्दूतले, कन्नडातले, सगळे. आणि एक कृपा करा: आजोबांचा जुना दाखला जपायचा म्हणून तो लॅमिनेट करून आणू नका. मागच्या बाजूचा शिक्का आणि शाई बोटाने चाचपून पाहावी लागते.